कार्टूनला आवाज द्यायचाय? निघोज्यातून निघण्याआधी हे वाचा

"माझा आवाज लहान मुलासारखा आहे, कार्टूनमध्ये काम कसं मिळेल?" "मुलगी डोरेमॉनची हुबेहूब नक्कल करते, तिला कुठं न्यायचं?" "कंपनीतली नोकरी सोडू का?" चाकणजवळच्या निघोजे, मोई, कुरुळी, म्हाळुंगे या पट्ट्यातल्या वाचकांकडून हे तीन प्रश्न फिरून फिरून येतात. विचारणाऱ्या बहुतेक मुली आणि बायका. कुणी लाइनवर क्वालिटीला आहे, कुणी डिप्लोमा करून ट्रेनी म्हणून लागली आहे, कुणी घरी मुलांचं बघते. तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधीच देऊन टाकते: नोकरी सोडू नका. निदान इतक्यात तरी नको.

पहिल्या प्रश्नामागचा अंदाज मात्र बरोबर आहे. कार्टूनमधली पोरं बहुतेक वेळा बायकाच बोलतात. हिंदीतले निंजा हातोरी आणि नॉडी आपल्या मेघना एरंडे यांच्या आवाजात बोलले. हिंदी डोरेमॉन आणि छोटा भीम यांच्यामागे वर्षानुवर्षे सोनल कौशल यांचा आवाज होता. जपानमध्ये नोबुयो ओयामा यांनी १९७९ पासून २००५ पर्यंत एकटीनं डोरेमॉन सांभाळला. कारण अगदी व्यवहारी आहे. मालिका दहा-दहा वर्षं चालते, पात्राचं वय वाढत नाही आणि खऱ्या मुलाचा आवाज मात्र तेरा-चौदाव्या वर्षी फुटतो. बाईचा आवाज टिकतो. शिवाय इथं चेहरा, वजन, लग्न झालंय की नाही, हे कुणी विचारत नाही. पडद्यावर दिसणाऱ्या नटीला न मिळणारी ही सवलत मोठी आहे.

आधी कामाचे दोन प्रकार ओळखा

पहिला प्रकार डबिंगचा. मालिका परदेशात तयार झालेली असते, चित्र समोर चालू असतं, कानात मूळ भाषेतला आवाज असतो आणि पात्राचे ओठ हलतात तेवढ्याच वेळात तुम्हाला तुमचं वाक्य बसवायचं असतं. दुसरा प्रकार इथंच बनणाऱ्या मालिकांचा. २००८ मध्ये पोगोवर आलेल्या ‘छोटा भीम’सारख्या मालिकांनी हा बाजार मोठा केला. यात सहसा आवाज आधी रेकॉर्ड होतो आणि त्यावर चित्र हलवलं जातं. मोकळीक इथं जास्त, पण मुख्य पात्रं ठरलेल्या आवाजांकडे असतात. नवख्याच्या वाट्याला येतं ते डबिंग, आणि त्यातही ‘क्राउड’: बाजारातली माणसं, वर्गातली पोरं, मॅच बघणारी गर्दी. त्याला कमी लेखू नका. डबिंग डायरेक्टरच्या कानात तुमचा आवाज पहिल्यांदा बसतो तो तिथंच.

भाषेचंही स्पष्ट सांगते. जास्त काम हिंदीत आहे. मुलांच्या काही वाहिन्यांवर मराठीचा पर्याय आला आहे. रिमोटवर भाषा बदलून बघा आणि एखादा भाग कान देऊन ऐका. पण केवळ मराठी कार्टूनवर घर चालेल अशी आज तरी परिस्थिती नाही.

आवाज चालेल का, हे घरीच तपासा

"गोड आवाज" ही पात्रता नाही. स्टुडिओत तीन गोष्टी बघतात: वाचन, श्वास आणि अभिनय. तिन्ही घरी तपासता येतात. मुलांच्या कार्टूनचा दोन मिनिटांचा तुकडा घ्या आणि त्यातले संवाद कागदावर उतरवा. मग टीव्हीचा आवाज बंद करून, चित्र बघत बघत ते म्हणा आणि मोबाइलवर रेकॉर्ड करा. दुसऱ्या दिवशी ऐका. त्याच दिवशी नको, त्या दिवशी सगळं चांगलंच वाटतं.

ऐकताना या जागा पाहा:

- वाक्याच्या शेवटी आवाज खाली पडतो का? वाचून दाखवल्यासारखं वाटत असेल, तर ते बोलणं नाही, वाचन आहे.
- दर वाक्याआधी मोठ्यानं श्वास ऐकू येतो का?
- हसणं, दचकणं, पळताना धापा टाकणं हे खरं वाटतं का? कार्टूनमध्ये शब्दांइतकंच काम या आवाजांचं असतं. सलग अर्धा मिनिट वेगवेगळ्या प्रकारे हसून बघा, म्हणजे कळेल.
- लहान मुलाचा आवाज दहा मिनिटांनंतरही तसाच राहतो, की हळूहळू तुमचा स्वतःचा होतो? सेशन तासन् तास चालतं. टिकत नसेल तो आवाज कामाचा नाही.

आणि नक्कल. डोरेमॉनची हुबेहूब नक्कल येते म्हणून डोरेमॉनचं काम मिळत नाही. ते ज्यांच्याकडे आहे त्यांच्याकडेच असतं. तुमच्याकडून नवं पात्र ऐकायचं असतं. नक्कल हा सरावाचा चांगला भाग आहे, पण डेमोत, म्हणजे नमुना रेकॉर्डिंगमध्ये, एखादीच ठेवा.

हिंदीत जायचं असेल तर उच्चारांवर बसून मेहनत घ्यावी लागेल. आपल्याकडचा ‘चाक’मधला च आणि ‘जहाज’मधला ज हिंदीत चालत नाही, तिथं तो तालव्यच हवा. ‘ज़’ आणि ‘फ़’चे नुक्ते आपण गिळतो. हिंदी ‘पानी’त ण डोकावतो. ‘मैं’चा ‘मे’ होतो. मुंबईत अंधेरीच्या स्टुडिओतल्या डायरेक्टरला हे पहिल्या ओळीत ऐकू येतं. उपाय महागडा नाही. रोज हिंदी बातम्यांचा एक परिच्छेद मोठ्यानं वाचा आणि चुका सांगणारं माणूस शोधा. निघोज्यात असा माणूस शेजारच्या खोलीतच सापडेल, कारण इथल्या चाळींत उत्तर प्रदेश-बिहारमधून कामाला आलेली कितीतरी कुटुंबं राहतात. फक्त त्यांची भोजपुरी ढब उचलू नका. तिची गरज लागली तर ती वेगळी शिका.

सुरुवात कुठून करायची

मुंबईला बॅग भरून जाण्याआधी इथं करता येण्यासारखं बरंच आहे.

नाटक सर्वांत आधी. चिंचवडचं प्रा. रामकृष्ण मोरे प्रेक्षागृह, पिंपरीचं आचार्य अत्रे रंगमंदिर, भोसरीचं अंकुशराव लांडगे नाट्यगृह इथं हौशी संस्थांचे प्रयोग होतात. त्यांतल्या एखाद्या संस्थेत शिरा, मिळेल ती भूमिका करा. पुण्यातल्या कॉलेजात असाल तर १९६३ पासून चालत आलेली पुरुषोत्तम करंडक स्पर्धा आहेच. आवाजाच्या क्षेत्रात टिकलेली बरीच मराठी मंडळी रंगभूमीवरूनच आली. १९९३ मध्ये दूरदर्शनवर ‘जंगल बुक’ हिंदीत आलं, तेव्हा शेरखानचा आवाज नाना पाटेकरांचा होता. तो वाघ अजून आठवतो तो अभिनयामुळे.

दुसरा टप्पा आकाशवाणी पुणे केंद्र. नाट्यविभागाची स्वरचाचणी आणि नैमित्तिक निवेदकांची निवड वेळोवेळी होते. जाहिरात कधी निघते याकडे लक्ष ठेवा. पैसे फार नाहीत, पण माइकसमोर शिस्तीत उभं राहायला इथं शिकाल. तिसरा मार्ग मराठी ऑडिओबुकचा आणि ऑडिओ मालिकांचा. एका आवाजात पाच पात्रं वेगळी ठेवायची सवय इथं लागते आणि हे काम पुण्यात बसून करता येतं.

क्लासबद्दल फार विचारणा होते. क्लास वाईट नसतो. त्यात खऱ्या स्टुडिओत, खऱ्या चित्रावर किती तास बसायला मिळणार, एवढं विचारा. उत्तर गुळमुळीत आलं तर उठा. "नोकरीची हमी" असं लिहिलेलं दिसलं तर विचारायचीही गरज नाही, कारण या धंद्यात नोकरी नावाची गोष्टच फारशी नसते. सगळं कामापुरतं असतं.

मुंबईला जायचं ते हातात डेमो आल्यावर. तळवडेमार्गे चिंचवड स्टेशन गाठून सकाळची सिंहगड एक्सप्रेस धरली तर दादरला उतरून अंधेरी-गोरेगावच्या स्टुडिओंत दुपारच्या आत पोचता येतं. पण सेशन लांबतं, परतीची गाडी हुकते, म्हणून मुक्कामाची सोय आधी लावून ठेवा. महिन्यातून सुट्टीचे एक-दोन दिवस एवढ्यासाठी राखून ठेवले तर सुरुवातीला तेवढे पुरतात. नोकरी सोडू नका म्हणते ते याचसाठी. पहिल्या वर्षात कामं तुटक येतात आणि पैसे त्याहून उशिरा. घरभाडं थकलेली व्यक्ती वाट्टेल त्या कागदावर सही करते.

डेमो कसा असावा

- दीड ते दोन मिनिटं, त्याहून लांब नको. पहिल्या दहा सेकंदांत तुमचा सर्वांत जमलेला आवाज हवा.
- चार-पाच पात्रं: लहान मुलगा, हट्टी मुलगी, आजी, प्राणी किंवा भूत, आणि एक तुमचा स्वतःचा साधा आवाज.
- पार्श्वसंगीत जवळजवळ नकोच. संगीताखाली आवाज लपवला की समजतं.
- हिंदी आणि मराठी वेगळ्या फायली. फाइलच्या नावात तुमचं नाव आणि भाषा लिहा.
- गाजलेल्या कार्टूनमधले संवाद न उचलता स्वतः चार ओळी लिहा.

घरचा स्टुडिओ: निघोज्यातली खरी अडचण

ऑडिओबुक आणि ऑडिशनसाठी आता घरूनच रेकॉर्डिंग मागतात. बाजारात पंचवीस हजारांचा माइक घेण्याआधी खोलीचा विचार करा. आपल्याकडे कंटेनरची रहदारी, शिफ्टच्या बसेस, शेजारच्या वर्कशॉपमधली प्रेस असं सगळं चालू असतं. प्रेसचा धक्का तर कानाला येण्याआधी जमिनीतून येतो आणि माइकच्या स्टँडमधून थेट रेकॉर्डिंगमध्ये उतरतो. त्यासाठी स्टँडखाली जाड रबराचा किंवा फोमचा तुकडा ठेवा आणि माइकला शॉक माउंट लावा.

पत्र्याच्या खोलीत रेकॉर्डिंग होत नाही, हे आधीच स्वीकारा. स्लॅबच्या घरातली सर्वांत आतली, रस्त्याच्या उलट बाजूची खोली निवडा. कपड्यांनी भरलेलं उघडं कपाट पाठीमागे, दोन्ही बाजूंना दोरीवर जाड गोधड्या, खाली सतरंजी. एवढ्यानं घुमणं बरंचसं जातं. अंड्यांचे ट्रे भिंतीला चिकटवू नका, त्यांचा उपयोग नाहीच. पंखा बंद, फ्रीज दूर. तोंड माइकपासून वीतभर आणि किंचित तिरकं, म्हणजे ‘प’, ‘फ’, ‘भ’चे फटके बसत नाहीत. रेकॉर्डिंग डब्ल्यूएव्ही फाइलमध्ये, ४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिटवर करा. चित्रासोबतच्या कामाला हेच माप चालतं. ऑडॅसिटी हे मोफत सॉफ्टवेअर सुरुवातीला पुरेसं आहे.

वेळ कोणती साधायची? शिफ्ट सुटण्या-भरण्याच्या वेळा तुम्हाला तोंडपाठ असतीलच, त्या टाळा. काम पोचवायचं असेल तर गुरुवारवर ठेवू नका, महावितरणची देखभालीची वीजबंदी बहुधा त्याच दिवशी येते. न बोलता अर्धा मिनिट रेकॉर्ड करून पाठवायला सांगतात, त्याला ‘रूम टोन’ म्हणतात. खोली पास की नापास हे त्यावरच ठरतं.

घशाविषयी एवढंच: किंचाळण्याची दृश्यं सेशनच्या शेवटी घ्यायला सांगा, हा हट्ट रास्त आहे. आवाज दोन-तीन आठवडे बसलेलाच राहिला तर काढ्यावर भागवू नका, कान-नाक-घसा तज्ज्ञाकडून स्वरयंत्र तपासून घ्या. स्वरतंतूंवर गाठी आल्यावर ओढूनताणून बोलत राहिलं की त्या वाढतात.

सही करण्याआधी कागद वाचा

इथं जरा वेळ काढून वाचा, कारण फसगत होते ती बहुधा इथंच.

डबिंगच्या दिवशी रेकॉर्डिंग संपल्यावर, घाईच्या वेळी, एक इंग्रजी कागद पुढे येतो. त्यावर सही झाली की पैसे. तो कागद आदल्या दिवशी मेलवर मागा. न दिल्यास फोटो काढून घ्या. कॉपीराइट कायदा, १९५७ मध्ये २०१२ साली दुरुस्ती होऊन कलाकारांचे हक्क बळकट झाले. तुमच्या कामाचं ठरेल ते एवढं:

- नाव. सादरकर्ता म्हणून आपली ओळख दिली जावी हा तुमचा नैतिक हक्क आहे (कलम ३८ ब). याला व्यावहारिक बाजूही आहे. किरकोळ, प्रासंगिक काम करणाऱ्या आणि श्रेयनामावलीत कुठेच नाव नसलेल्या व्यक्तीला चित्रपटाच्या बाबतीत कायदा पूर्ण ‘सादरकर्ता’ मानत नाही. म्हणून क्राउडपेक्षा मोठं काम असेल तर नाव मागाच. अनेक डब मालिकांत आवाजाची नावं दिसतच नाहीत, ही या क्षेत्राची जुनी खोड आहे.
- विकृती. तुमच्या कामाची मोडतोड करून तुमच्या प्रतिष्ठेला धक्का बसत असेल, तर तुम्ही हरकत घेऊ शकता.
- मुदत आणि प्रदेश. हक्क लेखी करारानंच दुसऱ्याकडे जातात. करारात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं मानतात, प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरता. "कायमस्वरूपी, संपूर्ण विश्वात" असं लिहिलेलं असेल तर ते विनाकारण लिहिलेलं नसतं. त्याची किंमत मागा.
- रॉयल्टी. लेखी संमती दिल्यावर निर्मात्याला तुमचं काम वापरायला तुम्ही अडवू शकत नाही, पण व्यावसायिक वापराबद्दल रॉयल्टीचा हक्क कायद्यात आहे. प्रत्यक्षात डबिंगमध्ये बहुतेकांना एकरकमी फीच मिळते. हक्क आहे आणि हातात पडत नाही, अशी आजची स्थिती. तरीही तो सोडून दिल्याचं कलम दिसलं तर खोडायला सांगून बघा.

आवाजाची यांत्रिक नक्कल. या कलमाशी तडजोड नको. तुमच्या रेकॉर्डिंगवरून कृत्रिम आवाज तयार करता येणार नाही, कृत्रिम बुद्धिमत्तेच्या प्रशिक्षणासाठी ते वापरता येणार नाही, हे करारात स्पष्ट लिहून घ्या. मुंबई उच्च न्यायालयानं जुलै २०२४ मध्ये अरिजित सिंग यांच्या आणि २०२५ मध्ये आशा भोसले यांच्या प्रकरणात परवानगीशिवाय आवाजाची अशी नक्कल करण्याला मनाई केली. पण ती नावं सगळ्या देशाला ठाऊक आहेत. नवख्या कलाकाराला कोर्टात आपला आवाज ‘ओळखीचा’ असल्याचं सिद्ध करणं अवघड जाईल, म्हणून तुमचं संरक्षण करारातच हवं.

मुंबईत आवाज कलाकारांची असोसिएशन ऑफ व्हॉइस आर्टिस्ट्स ही संघटना आहे. नियमित काम सुरू झालं की सदस्यत्वाची चौकशी करा. दर आणि थकबाकी या दोन्ही बाबतींत एकटीपेक्षा संघटनेचा शब्द वजनदार ठरतो.

पैसे: बिल कसं करायचं, अडकले तर काय

काम झालं त्याच दिवशी बिल पाठवा. मालिकेचं नाव, भाग क्रमांक, तारीख, पॅन आणि ठरलेली रक्कम त्यात हवी. ठरलेलं तोंडी असेल तर निघताना एक व्हॉट्सॲप संदेश टाकून ठेवा: "आज अमुक भागांचं काम झालं, ठरल्याप्रमाणे रक्कम इतकी." समोरून आलेलं "ओके" पुढे कामी येतं. एकाच कंपनीकडून वर्षात मिळालेली फी ५० हजारांच्या वर गेली की सहसा १० टक्के टीडीएस कापतात. तुमचं एकूण उत्पन्न करपात्र नसेल तर विवरणपत्र भरून तो परत मिळतो. २० लाखांच्या वार्षिक उलाढालीपर्यंत जीएसटी नोंदणी सहसा लागत नाही.

आता आपल्या पट्ट्यातल्या लोकांना सहज कळेल अशी गोष्ट. चाकणच्या कंपन्यांना माल देणाऱ्या छोट्या वर्कशॉपवाल्याला ‘उद्यम’ आणि ‘४५ दिवस’ हे शब्द पाठ असतात. सेवा देणारी एकटी व्यक्तीही सूक्ष्म उद्योग म्हणून ‘उद्यम’ नोंदणी करू शकते. ती ऑनलाइन आणि मोफत आहे, कुणाला पैसे देऊ नका. नोंदणी असेल तर ठरलेल्या मुदतीत, आणि काही झालं तरी ४५ दिवसांत पैसे द्यावे लागतात. न दिल्यास चक्रवाढ व्याजासह मागणी करत सूक्ष्म व लघु उद्योगांच्या सुविधा परिषदेकडे ऑनलाइन तक्रार करता येते. नोंदणी मात्र काम करण्याआधीची हवी, पैसे अडकल्यावर धावपळ करून उपयोग होत नाही.

या फोनला भुलू नका

"निवड झाली आहे, नोंदणी शुल्क भरा", "पोर्टफोलिओ आमच्याकडूनच करावा लागेल" असे फोन चिंचवड-भोसरीकडच्या मुलींना सर्रास येतात. काम देणारा पैसे देतो, घेत नाही. नवा सापळा याहून हुशार आहे: ऑडिशनच्या नावाखाली शेकडो सुटी वाक्यं वाचून पाठवायला सांगतात. ऑडिशनला एक-दोन मिनिटं पुरतात. त्याहून जास्त मागितलं तर आवाजाचा साठा करणं चाललंय असं समजा. पैसे गेलेच तर लगेच सायबर फसवणुकीच्या १९३० या मदत क्रमांकावर फोन करा.

स्टुडिओ म्हणजे बंद, आवाजरोधक खोली. पहिल्यांदा जाताना सोबत कुणी असावं, आणि कुठल्या स्टुडिओत आहात ते घरी कळवून ठेवा. लैंगिक छळाविरुद्धचा २०१३ चा कायदा कामापुरत्या बोलावलेल्या बाईलाही लागू होतो. दहापेक्षा कमी माणसं असलेल्या ठिकाणची तक्रार त्या जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे, तीन महिन्यांच्या आत करावी.

मुलीला न्यायचं असेल तर

चौदा वर्षांखालच्या मुलाला दृक्श्राव्य माध्यमात काम करू देताना निर्मात्यानं जिथं काम आहे त्या जिल्ह्याच्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायची असते. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांहून जास्त नाही, शाळा बुडता कामा नये. मिळालेल्या पैशांपैकी किमान २० टक्के मुलाच्या नावानं राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत टाकावे लागतात. निर्मात्याला पहिल्याच भेटीत विचारा: परवानगी कुठं आहे, ठेवीचं खातं कोणत्या बँकेत उघडायचं? "एवढ्याशा कामाला कशाला?" असं उत्तर आलं, तर मुलीला घेऊन परतीची गाडी धरा.